डेबरा आणि बेसुरा

मे महिन्यातली दुपार. या दिवसांत आमच्या गावात बारा ते चार कुत्रंही रस्ता ओलांडत नाही. कूलरच्या ओल्या वाळ्याचा वास, मधे परातीत पाण्यात घातलेले आंबे, आणि फरशीवर पालथा पडून मोबाईल पाहणारा नातू. नागपूरहून सुट्टीत आलेला. मी आंबा माचत होतो, अर्थातच डाव्या हातानं.

"आबा, तुमचा राइट ब्रेन चालते."

"कोणता तरी चालते ना? झालं."

"तसं नाही ना आबा. पाहा हे. लेफ्टी लोकं राइट ब्रेनवाले असतात. म्हणून ते क्रिएटिव्ह असतात. म्युझिक तर त्यांच्या ब्रेनमध्येच असते."

मी चष्मा पुसून पाहिलं. एक माणूस उलटी गिटार वाजवत होता. तो जिमी हेंड्रिक्स, असं नातवानं सांगितलं. उजव्या हाताची गिटार उलटी धरून, तारा फिरवून वाजवायचा म्हणे. मग मेंदूचं चित्र आलं. डावा अर्धा निळा, त्यात आकडे आणि भूमितीची पेटी. उजवा अर्धा लाल-पिवळा, त्यात फुलं, व्हायोलिन आणि फुलपाखरं.

स्वयंपाकघरातून हिचं हसणं ऐकू आलं. हिला हसू का आलं ते आमच्या गावात कुणालाही विचारा. मी डेबरा आहे हे खरं. पण मी बेसुराही आहे, आणि तोही साधासुधा नाही. शाळेत बत्तीस वर्षं विज्ञान शिकवलं, आणि ती बत्तीसही वर्षं सकाळच्या प्रार्थनेला मी नुसते ओठ हलवले. एकदा चुकून आवाज निघाला, तर पहिल्या रांगेतल्या तीन पोरी सुरावरून घसरल्या आणि त्यांच्यामागे अख्खी पाचवी. त्या दिवसापासून माझ्याकडे रांगा सरळ करण्याचं काम आलं.

डेबरा हा आमच्याकडचा शब्द. पुण्याकडचे लोक डावखुरा म्हणतात. तो शब्द कसा क्रिकेटच्या समालोचनातला वाटतो, कौतुकाचा. डेबरा म्हटलं की हातावर फटका बसल्यासारखंच वाटतं. "ए डेबऱ्या" ही हाक मला माझ्या नावाआधी कळायला लागली असावी.

माय पोळीचा तुकडा माझ्या उजव्या हातात द्यायची. मी तो डाव्यात घ्यायचो. ती परत उजव्यात द्यायची. हा खेळ वर्षभर चालला आणि माय हरली. शाळेत मात्र गुरुजी हरणाऱ्यांतले नव्हते. पाटीवर डावा हात गेला की रूळ आडवा न मारता कडेनं मारायचे, बोटांच्या पेरांवर. दिवाळीपर्यंत मी उजव्या हातानं लिहायला लागलो. म्हणून माझं अक्षर मला आजही उसनं आणल्यासारखं वाटतं. बाकी सगळं डाव्यानं. मास्तर झाल्यावर याचा एक फायदा झाला. उजव्या हातानं फळ्यावर लिहायचो आणि त्याच वेळी डाव्यानं मागचं पुसत यायचो. पोरं ओरडायची, "सर, थांबा ना, उतरवू द्या!" त्यांना वाटायचं मी मुद्दाम करतो.

डाव्या बाजूवर मराठी भाषेचाच राग दिसतो. कुणाला बाजूला सारलं की तो डावलला गेला. दोघांत कमी-जास्त केलं की डावं-उजवं केलं. शुभकार्यात डावा हात पुढं आला की आत्याबाईंचे डोळे मोठे. पण भाषेनं गुपचूप काही चांगल्या गोष्टीही तिकडे ठेवल्या आहेत, हे मला पुष्कळ उशिरा लक्षात आलं. जेवून डाव्या कुशीवर पडायचं ती वामकुक्षी, आणि तिच्याएवढा सुंदर शब्द उजव्या कुशीला मिळालेला नाही. घरोघरी बसतो तो गणपती डाव्या सोंडेचा, शांत. उजव्या सोंडेच्याचं सोवळं कडक. आणि पान वाढताना बघा. लोणचं, चटणी, कोशिंबीर, म्हणजे ज्याच्यासाठी माणूस खरा जेवतो ते सगळं पानाच्या डावीकडे.

पंगतीचं निघालंच आहे तर सांगतो. पंगतीत डेबऱ्या माणसाचं कोपर शेजाऱ्याच्या कोपरावर आपटतं. बाबांनी त्यावर तोडगा काढला होता. ते मला रांगेच्या डाव्या टोकाला बसवायचे आणि स्वतः माझ्या उजवीकडे बसायचे. मी आजही लग्नात गेलो की आधी रांगेचं डावं टोक शोधतो. हिला हे आवडत नाही, कारण तिथं वाढपी शेवटी पोचतो आणि बुंदी संपलेली असते. दुसरी खोड अशी की मी पंगतीतले डेबरे मोजतो. जगात दहातला एक माणूस डावखुरा असतो असं पुस्तकं सांगतात. शंभराच्या पंगतीत मला कधी दोन, कधी तीन सापडतात. उरलेले सात-आठ तिथंच बसलेले असणार, उजव्या हातानं जेवत. कुणाच्या ना कुणाच्या मायनं तो खेळ जिंकलेला असणार.

शेतात या गोष्टीची लाज नव्हती. मायनं लोहाराकडून माझ्यासाठी उलट्या दात्यांचा इळा करून घेतला होता. साध्या इळ्यानं मी ज्वारी कापायला लागलो की धांडा कापला न जाता नुसता खरवडला जायचा. कापूस वेचताना तर डावं-उजवं उरतच नाही. ओटी कमरेला बांधली की दोन्ही हात दोन वेगळ्या बोंडांवर चालतात, आणि कोणता हात पुढं गेला ते बघायला वेळ कुणाला असतो? बाबा म्हणायचे, "बैलालेई डावं-उजवं असते. डाव्या अंगाचा उजव्याले जुंपला तं तो चालत नाही, अन् मारून उपयोग नाही." हे ते गुरुजींना सांगायला कधी गेले नाहीत. मला मात्र दोन-तीनदा सांगितलं.

बाबा भजनी मंडळात पेटी वाजवायचे. एका वर्षी कापसाचा चुकारा हाती आला, तेव्हा माय म्हणत होती की घरावर टिनं टाका, आणि बाबा अमरावतीला जाऊन पेटी घेऊन आले. त्या पावसाळ्यात घर चार ठिकाणी गळलं. जिथं गळत नव्हतं त्या कोपऱ्यात पेटी होती. आमच्या भागात तेव्हा तुकडोजी महाराजांचा मोठा प्रभाव. महाराज १९६८ साली गेले, पण त्यांची खंजिरी गावागावांत वाजत राहिली. गुरुवारी रात्री मारुतीच्या पारावर गॅसबत्ती लागायची. बाबांची पेटी, एकाचा तबला, दोघांच्या खंजिऱ्या आणि उरलेल्यांचे टाळ.

मी आठ-नऊ वर्षांचा असेन. दुपारी बाबा शेतात गेलेले. मी पेटीवरची धोतराची घडी काढली, मागचा खटका सोडला आणि भात्याला उजवा हात लावला. डावा हात पट्ट्यांवर ठेवला. पहिली पट्टी दाबली तेव्हा आधी नुसती हवा सुटली, म्हाताऱ्याच्या खोकल्यासारखी, आणि मग सूर आला. पोटात काहीतरी हललं ते आठवतं. भाता किती जड होता तेही आठवतं, आणि पट्ट्यांच्या मधल्या फटीत अडकलेला एक तांदळाचा दाणा. तो मी नखानं काढत असतानाच दारात सावली आली.

मला वाटलं आता फटका. बाबांनी पाय धुतले, शेजारी येऊन बसले आणि माझा डावा हात पट्ट्यांवरून उचलून भात्यावर ठेवला. उजवा पट्ट्यांवर. "देवाचं हाय ते. सरळ हातानं." मग त्यांनी सा धरला आणि म्हणाले, "लाव." मी लावला. बाबांनी भाता थांबवला, माझ्याकडे पाहिलं, पुन्हा सा दिला. मी पुन्हा लावला. तिसऱ्यांदा ते हसायलाच लागले. आणि माझा हात धरून परत होता तसा ठेवला, डावा पट्ट्यांवर, उजवा भात्यावर. "वाजव लेका, कसाई वाजव. तुयं हाताचं दुखनं नाही, कानाचं हाय."

तेव्हापासून मला मंडळात टाळ मिळाला. टाळात डावं-उजवं नसतं. तरी वर्षभरात तबलजींनी बाबांकडे तक्रार केली की पोट्टा ठेक्याच्या पुढंमागं वाजवते. मग टाळही गेला आणि गॅसबत्तीला हवा मारायचं काम आलं. ते मी डाव्या हातानं, मनापासून केलं. आमच्या पारावरच्या भजनाचा उजेड कधी मंद झाला नाही.

पेटीचं मूळ पॅरिसचं. १८४२ साली अलेक्झांडर दबँ नावाच्या कारागिरानं हार्मोनियमचं पेटंट घेतलं. त्या पेटीचा भाता पायानं चालवायचा, म्हणजे दोन्ही हात सुरांना मोकळे. आपल्याकडे आली तशी ती जमिनीवर बसली, कारण वाजवणारा मांडी घालून बसला. पाय गेले मांडीत, आणि भाता ओढायची हमाली डाव्या हाताच्या वाट्याला आली. तबल्यातही तेच. टणटणीत बोल उजव्याकडे, डावा डग्ग्यावर. पण डग्ग्यावर मनगट घासून तो जो घुमारा निघतो तो काढून टाका आणि मग उरलेला तबला ऐका.

त्याच पॅरिसमध्ये १८६१ साली पॉल ब्रोका या डॉक्टरनं एका मेलेल्या रोग्याचा मेंदू उघडला. तो माणूस बरीच वर्षं फक्त एकच शब्द बोलायचा, "टॅन". बहुतेक वेळा दोनदा, "टॅन, टॅन". काहीही विचारा, उत्तर टॅन. समजायचं सगळं. मेंदूच्या डाव्या बाजूचा पुढचा भाग खराब झालेला निघाला. पुढं तसे आणखी रोगी सापडले, आणि माणूस बोलतो ते डाव्या मेंदूनं असं ब्रोकानं मांडलं. मेंदूचा डावा अर्धा शरीराची उजवी बाजू चालवतो आणि उजवा अर्धा डावी, हे मी नववीला दरवर्षी शिकवायचो. दरवर्षी मागच्या बाकावरून कुणीतरी विचारायचं, "मग सर, डेबऱ्याचं सगळं उलटं असते काय?"

उत्तर असं की नसतं. वाडा नावाच्या जपानी डॉक्टरनं १९४९ साली एक युक्ती काढली. मानेतल्या धमनीतून गुंगीचं औषध सोडायचं आणि मेंदूचा एकच अर्धा काही मिनिटं झोपवायचा. त्या वेळात वाचा बंद पडली की कळलं, बोलणं कोणत्या बाजूला राहतं. कॅनडातल्या माँट्रियलमध्ये अशा शेकडो रोग्यांची नोंद झाली. उजव्या हाताच्या शंभरातल्या ९६ जणांचं बोलणं डाव्या मेंदूत होतं. डावखुऱ्यांपैकी ७० जणांचंही डावीकडेच. उरलेल्यांत निम्म्यांचं उजवीकडे, निम्म्यांचं दोन्हीकडे. म्हणजे बहुतेक डेबऱ्यांचा मेंदू जगासारखाच बसवलेला असतो.

मग हे निळं-लाल चित्र आलं कुठून? रॉजर स्पेरी नावाचे अमेरिकन शास्त्रज्ञ होते. फेपऱ्याच्या काही रोग्यांच्या मेंदूचे दोन भाग जोडणारा मज्जातंतूंचा जाड पट्टा डॉक्टरांनी कापला होता. अशा रोग्यांवर स्पेरींनी वर्षानुवर्षं प्रयोग केले, आणि दोन अर्धी वेगवेगळ्या कामांत तरबेज असतात हे दाखवलं. १९८१ साली नोबेल मिळालं. त्यांनी अभ्यासले ते पट्टा कापलेले मेंदू. तुमच्या-आमच्या डोक्यात तो पट्टा शाबूत असतो आणि दोन्ही बाजू एकमेकींशी अखंड बोलत असतात, जावा-जावांसारख्या. पण लोकांनी नोबेल घेतलं आणि पट्टा विसरले. फुलपाखरं मागाहून कुणीतरी काढली.

हे सगळं मी नातवाला सांगितलं. त्यानं मधूनच आंबा संपवला.

एक गोष्ट मी त्याला सांगितली नाही, कारण ती माझ्या विरुद्ध जाते. १९७८ साली डायना डॉइच या संशोधक बाईंनी लोकांना एक सूर ऐकवला, मधे दुसरे सहा सूर ऐकवले, आणि मग शेवटी आणखी एक सूर ऐकवून विचारलं, हा पहिलाच सूर की वेगळा? सरासरीत डावखुरे सरस निघाले. म्हणजे रील अगदीच खोटी नाही. पण त्या बाई आमच्या तालुक्याला आल्या नाहीत हे बरं झालं. सरासरी खाली आली असती.

बाबांना लकवा मारला तेव्हा कापसाची वेचणी चालू होती. धुऱ्यावर पाणी प्यायला बसले आणि तांब्या उजव्या हातातून पडला. जिल्ह्याच्या ठिकाणी नेलं. तीन आठवड्यांनी घरी आणलं तेव्हा उजवा हात-पाय गेलेला आणि वाचा गेलेली. एकच शब्द उरला होता, "तसं". पाणी पाहिजे, तसं. माय कुठं गेली, तसं. माशी बसली, तसं. कधी विनवणीचा तसं, कधी रागाचा. डोळे मात्र पूर्वीचेच. मी नववीला ब्रोका शिकवलेला माणूस. त्यांच्या खाटेजवळ बसून मला त्या पॅरिसच्या रोग्याचं हसू का यायचं वर्गात, याची लाज वाटायची.

संक्रांतीनंतर मंडळाची माणसं घरी आली. म्हातारं माणूस आहे, दोन भजनं म्हणू त्याच्यापुढं, म्हणाले. पेटी वाजवणारं कुणी नव्हतंच, म्हणून नुसत्या खंजिरीवर सुरू केलं. पहिली ओळ त्यांनी धरली. दुसऱ्या ओळीला खाटेवरून आवाज आला. मला आधी वाटलं, शेजारचा कुणी आत आला. बाबा गात होते. शब्द जागच्या जागी, जोडाक्षरांसकट. चार कडवी झाली, ध्रुवपद झालं, खंजिरी थांबली. तबलजींनी रडत विचारलं, "भाऊ, बोला ना, कसं वाटते?"

"तसं," बाबा म्हणाले.

स्वीडनमध्ये ओलोफ डालिन नावाच्या गृहस्थांनी १७४५ साली असाच एक माणूस लिहून ठेवला आहे. उजवं अंग गेलेलं, वाचा गेलेली, आणि चर्चमधली गाणी स्पष्ट म्हणायचा. फक्त सुरुवातीला कुणीतरी सोबत म्हणून धरून द्यावं लागे. १९७३ साली बॉस्टनच्या डॉक्टरांनी यावरून उपचारच काढला. साधं वाक्य दोन सुरांत गुणगुणायचं, आणि प्रत्येक अक्षराला रोग्याचा डावा हात धरून थाप द्यायची. डावा हातच. हे मी वाचलं ते बाबा गेल्यावर सहा-सात वर्षांनी.

तेव्हा मला एवढंच सुचलं की पेटी काढावी. बाबांना टेकून बसवलं, पेटी समोर ठेवली. त्यांनी डावा हात आपणहून भात्यावर टाकला. भाता ओढत राहिले, आणि पट्ट्यांकडे बघत राहिले, जिथं उजवा हात असायला पाहिजे होता. मी त्यांच्या उजव्या अंगाला बसलो होतो, कलत्या बाजूला टेकू म्हणून. माझा डावा हात पट्ट्यांजवळच होता. मी त्यांच्या नेहमीच्या सा वर बोट ठेवलं. काळी दोन. ते बघून पाठ होतं, त्याला कान लागत नाही.

बाबा त्या एका सुरावर गायले. भाता त्यांचा, बोट माझं. मधे मला वाटलं, नुसता सा किती वेळ? जरा पुढं जाऊन बघू. शेजारची एक पट्टी दाबली.

भाता थांबला. बाबांनी मान माझ्याकडे वळवली आणि स्वच्छ म्हणाले, "बेसुऱ्या."

माय चुलीजवळून धावत आली. मंडळातले एकमेकांकडे बघायला लागले. मी म्हटलं, "बाबा, आणखी बोला. काहीई बोला." त्यांनी तोंड उघडलं, बराच वेळ शोधलं, आणि "तसं" म्हणाले. शिव्या आणि सवयीचे शब्द अशा आजारात कधीकधी मागे राहतात. मी परत काळी दोन धरली.

"मग आबा, तुम्ही क्रिएटिव्ह हाय का नाही?" नातू विचारत होता.

"कूलरातलं पाणी संपलं दिसते," मी म्हटलं. "जाय, दोन बादल्या टाक."